हाउस संगीताचे उपप्रकार नेमके कुठे फुटतात? वेग, किक आणि दक्षिण आफ्रिका

मध्यलय

गेली अकरा वर्षे मी शनिवारी रात्री पुण्यात डीजे म्हणून डेकवर उभा राहतो आणि आठवड्याचे उरलेले दिवस हिशेबतपासनीसाची नोकरी करतो. गेल्या महिन्यात एका ठिकाणच्या व्यवस्थापकांनी मला आधीच बजावले होते, "आज फक्त अफ्रो हाउस वाजवायचे." मी त्याप्रमाणे जोहान्सबर्ग आणि डर्बनच्या निर्मात्यांचे ट्रॅक निवडून नेले. वीस मिनिटे झाली असतील नसतील, तोच ते शेजारी येऊन उभे राहिले आणि म्हणाले, "हे अफ्रो वाटत नाही हो." मग फोनवर त्यांनी जो ट्रॅक ऐकवला तो युरोपात तयार झालेला होता. त्यात संथ चढत जाणारा सिंथ होता, हाताने वाजवल्यासारखा भासणारा ड्रमचा एक लूप होता आणि मधूनमधून एक आरोळी होती. त्यांना मी दोष देत नाही, कारण गाणी विकणाऱ्या संकेतस्थळांवर हे दोन्ही माल एकाच फळीवर मांडलेले असतात. परंतु उपप्रकार म्हणजे नक्की काय आणि तो कुठे जन्माला येतो, हा प्रश्न त्या रात्रीपासून डोक्यातून जात नाही, म्हणून हा धागा.

माझे म्हणणे थोडक्यात असे आहे की, हाउसचा, म्हणजे क्लबात नाचण्यासाठीच्या या इलेक्ट्रॉनिक संगीताचा, खरा नवा उपप्रकार दोनच ठिकाणी फुटतो. एकतर कोणीतरी वेग बदलतो, नाहीतर कोणीतरी किक, म्हणजे बेस ड्रमचा जड ठोका, काढून टाकतो. वरून बासरी लावली, मंत्र लावला, वाळवंटाचे चित्र लावले, तर ती फक्त पाटी बदलते.

ज्यांना पार्श्वभूमी नाही त्यांच्यासाठी थोडे सांगतो. हाउसचा सांगाडा अगदी साधा आहे. चार मात्रांच्या प्रत्येक आवर्तनात चारही मात्रांवर किक पडते, दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर क्लॅप पडतो आणि दोन किकांच्या मधोमध उघडी हाय-हॅट वाजते. वेग साधारणपणे मिनिटाला 118 ते 128 ठोके. शिकागोतल्या साउथ जेफरसन स्ट्रीटवरच्या वेअरहाउस या क्लबात फ्रँकी नकल्स 1977 पासून तबकड्या वाजवत असत, आणि या क्लबाच्या नावावरूनच या संगीताला हाउस हे नाव पडले, असे बहुतेक जण मानतात. 1979 च्या जुलैत त्याच शहरातल्या बेसबॉल मैदानावर डिस्कोच्या तबकड्या स्फोटाने उडवण्यात आल्या, आणि पुढे मोठ्या कंपन्यांनी डिस्कोतून अंग काढून घेतले. नवे रेकॉर्ड मिळेनासे झाले, तेव्हा तिथल्या पोरांनी ड्रम मशीन विकत घेऊन स्वतःच रेकॉर्ड करायला सुरुवात केली. जेसी साँडर्सचा 'ऑन अँड ऑन' 1984 चा आहे. त्या वेळी वाद्यवृंद परवडत नव्हता हे हाउसच्या जन्माचे मोठे कारण आहे, आणि हा मुद्दा ध्यानात ठेवावा, कारण तो पुढे पुन्हा येणार आहे.

आता वेगाकडे येतो. ज्या टर्नटेबलवर माझ्या आधीची पिढी शिकली त्याचा पिच फेडर, म्हणजे तबकडीचा वेग कमीजास्त करणारी पट्टी, वर-खाली आठ टक्के जातो, आणि माझ्या मते त्या आठ टक्क्यांतून दोन देशांत दोन निराळी घराणी निघाली. नव्वदच्या दशकात लंडनच्या डीजेंनी न्यूयॉर्क आणि न्यू जर्सीकडचे गराज हाउस फेडर चढवून जलद वाजवायला सुरुवात केली. वेग वाढवला की गाणाऱ्याचा आवाज चिरका होतो, म्हणून ते तबकडीची कमी गायकीची, डब बाजू लावत. त्यातून यूके गराज उभे राहिले, आणि काही वर्षांतच दुसऱ्या व चौथ्या मात्रेवरची किक काढून टाकून टू-स्टेप तयार झाले. तिकडे दक्षिण आफ्रिकेत नेमके उलट घडले. तेच हाउस संथ करून वाजवले गेले आणि त्यातून क्वाइतो निघाले. तबकडी 45 ऐवजी 33⅓ वर लावली जाई, असेही सांगितले जाते. मी हिशेब करून पाहिला. 124 चा ट्रॅक तसा लावला तर तो 92 च्या आसपास उतरतो, आणि फेडर पूर्ण वर केला तर 99 वर येतो. त्या वेगाने नाचताना पावलाला निराळे वजन येते, हे कुणीही स्वतः उभे राहून तपासावे.

असहमती असल्यास सकारण मांडावी, ही विनंती.

अर्धमात्रा

असहमती आहे. उपप्रकाराला जन्म देणारा आणि त्याचे नामकरण करणारा हे दोघे वेगळे असतात, हे तुमच्या म्हणण्यातून निघते; पण नामकरणाला तुम्ही कमी लेखलेत. एकदा पाटी लागली की निर्माते त्या पाटीसाठी लिहू लागतात. 'ऑर्गॅनिक हाउस', 'मेलॉडिक हाउस अँड टेक्नो' ही नावे आज दुकानाच्या फळीवर आहेत, आणि त्या फळीवर बसावे म्हणून ट्रॅकच्या पहिल्या मिनिटात काय असावे, हेसुद्धा ठरून गेले आहे. पाटी लागल्यावर माल बदलतो. ही जन्माचीच एक रीत आहे, मग ती आपल्याला आवडो किंवा न आवडो.

मध्यलय

मान्य. तरीही त्या फळीवरचे शंभर ट्रॅक डोळे मिटून ऐकले, तर त्यांचा वेग आणि किक शिकागोचीच निघते. घर तेच आहे, फक्त रंग नवा दिला आहे.

लग्गी

मी तबला शिकलेला माणूस आहे. क्लबात माझे जाणे वर्षातून एखाद्या वेळी होते. परंतु माझी भाची दोन वर्षांपासून सतत आमापियानो, म्हणजे दक्षिण आफ्रिकेतला हाउसचा एक प्रकार, ऐकत असल्यामुळे ते घरात आपोआप कानावर पडते, आणि त्यावरून तुमच्या सिद्धांताला एक अडचण दिसते. आमापियानोची ओळख पटवून देणारी गोष्ट वेगही नाही आणि किकही नाही. ती आहे लॉग ड्रम नावाचा घुमणारा बेसचा आवाज. पहिल्यांदा ऐकला तेव्हा मी अक्षरशः हातातले काम सोडून उभा राहिलो, कारण तो आवाज मला डग्ग्याचा वाटला. डग्ग्यावर ठोका देऊन तळहाताचा मनगटाकडचा भाग पुडीवर दाबत पुढे सरकवला की स्वर वर चढतो, त्याला आम्ही घिस्सा म्हणतो. लॉग ड्रम नेमके तेच करतो. तो एकाच वेळी ठोकाही असतो आणि सूरही असतो. चाल त्याच्यावर चालते आणि ठेकाही तोच धरतो. गाण्यातली बाकीची वाद्ये जणू त्याच्या उत्तराची वाट पाहत थांबलेली असतात.

म्हणजे इथे वेग बदलून किंवा किक काढून नव्हे, तर एक नवा आवाज येऊन नवा प्रकार जन्मला, असे म्हणावे लागेल. हे तुमच्या दोन ठिकाणांत कुठे बसते?

जॅकरंडा

नोकरीनिमित्त माझी आठ वर्षे प्रिटोरिया आणि जोहान्सबर्ग यांच्या दरम्यान गेली, आणि त्यांतली पहिली तीन वर्षे माझ्याकडे गाडी नव्हती. त्यामुळे या विषयावर मला जे काही समजले ते मिनिबस टॅक्सीत समजले, आणि ते थोडे सविस्तर लिहिण्याची परवानगी असावी.

तिथली टॅक्सी म्हणजे पंधरा-सोळा जण दाटीवाटीने बसतात अशी गाडी. ती थांबवण्यासाठी रस्त्याच्या कडेला उभे राहून बोटांनी खूण करायची असते. शहराच्या मध्यभागी जायचे असेल तर तर्जनी वर. भाड्याचे पैसे मागच्या रांगेतून खांद्याखांद्यावरून पुढे सरकवले जातात, आणि चालकाशेजारी बसलेल्या प्रवाशावर ते मोजून सुटे परत करण्याची जबाबदारी आपसूक येते. मी त्या जागेवर बसायला घाबरत असे, कारण हिशेब चुकला तर अख्खी गाडी आपल्याकडे बघते. आणि हे सगळे चालू असताना मागच्या आसनाखालच्या स्पीकरमधून बेस असा येई की खिडकीची काच आणि हातातली नाणी एका तालात थरथरत.

हा तपशील गमतीपुरता दिलेला नाही. आमापियानोला सुरुवातीच्या काळात मोठ्या रेकॉर्ड कंपन्यांचा किंवा राष्ट्रीय रेडिओचा आधार नव्हता. गाउटेंग प्रांतातल्या टाउनशिपमध्ये, म्हणजे वर्णभेदाच्या काळात कृष्णवर्णीयांसाठी शहराबाहेर वसवलेल्या वस्त्यांत, घरातल्या संगणकावर, एफएल स्टुडिओ या सॉफ्टवेअरमध्ये पोरे ट्रॅक करत आणि ते व्हॉट्सॲपवरून, पेनड्राइव्हवरून थेट टॅक्सीचालकांच्या हाती पोहोचत. टॅक्सीत तो वाजला आणि प्रवाशांनी नाव विचारले, म्हणजे तो चालला. नंतर आमापियानोच्याच एका उपशाखेला 'क्वांटम साउंड' म्हणू लागले, ते ज्या टोयोटा क्वांटममध्ये ते वाजे त्या गाडीवरून. उपप्रकाराला गाडीचे नाव मिळाल्याचे दुसरे उदाहरण मला ठाऊक नाही.

लग्गी यांनी ज्या लॉग ड्रमविषयी लिहिले आहे तो आवाज खऱ्या लाकडी वाद्याचा नाही. तो एफएल स्टुडिओसोबत येणाऱ्या एका साध्या सिंथमधला तयार आवाज आहे, आणि त्याला आजचे रूप देण्याचे श्रेय एमडीयू उर्फ टीआरपी या निर्मात्याला दिले जाते. मध्यलय यांनी शिकागोबद्दल जे लिहिले, की वाद्यवृंद परवडत नव्हता म्हणून मशीन आले, तेच इथे तीस वर्षांनी पुन्हा घडलेले दिसते. महागडा बेस विकत घेण्याऐवजी पोरांनी हाताशी होता तो आवाज पिरगळला.

वंशावळ मात्र सरळ रेषेत नाही. क्वाइतो आहे, त्याच्या जोडीने अमेरिकेतून आलेले डीप हाउस आहे, जे तिथे शनिवार-रविवारच्या अंगणातल्या भोजनात आजीपासून नातवापर्यंत सगळे ऐकतात, आणि प्रिटोरियाकडचे बकार्डी आहे, ज्यातले स्नेअर लष्करी बँडसारखे कडाडतात. डीजे मुजावाचा 'टाउनशिप फंक' हा बकार्डीचा ट्रॅक 2008 मध्ये वॉर्प या ब्रिटिश कंपनीने प्रसिद्ध केला तेव्हा युरोपला त्याची खबर लागली. 'आमापियानो' या झुलू शब्दाचा अर्थ 'पियानो', अनेकवचनी. सुरुवातीच्या ट्रॅकमध्ये जॅझच्या अंगाचा पियानो आणि ऑर्गन हेच मुख्य होते. लॉग ड्रम नंतर शिरजोर झाला. तो पहिल्यांदा कुठल्या टाउनशिपमध्ये निघाला यावर तिथे जे वाद होतात ते ऐकले की आपल्याकडची मिसळ कोल्हापूरची की पुण्याची ही भांडणे सौम्य वाटतात. काबझा डी स्मॉल आणि डीजे मफोरिसा यांनी 2019 मध्ये 'स्कॉर्पियन किंग्ज' काढले, आणि मी परत निघालो त्या वर्षी विमानतळावरच्या दुकानातसुद्धा तेच वाजत होते.

आता सिद्धांताविषयी. आमापियानोचा वेग साधारण 110 ते 115 असतो, म्हणजे वेग बदललेला आहेच. आणि किक पुष्कळदा इतकी मवाळ किंवा अनुपस्थित असते की जमिनीचा आधार शेकर आणि लॉग ड्रम देतात. मला वाटते, लॉग ड्रम यायला जागा झाली ती किक मागे सरकल्यामुळे. तुम्ही दोघेही आपापल्या परीने बरोबर आहात.

लग्गी

हे पटले. डग्गा बोलायचा असेल तर खाली जागा मोकळी हवी, हे आम्हाला पहिल्या वर्षी शिकवतात.

शेवटची लोकल

हाउसचा विषय निघाला आणि मुंबईचा उल्लेख कुणीच केला नाही, याचे आश्चर्य वाटते. चरणजित सिंग यांनी 1982 मध्ये रोलंडचे टीबी-303 हे बेसचे सिंथ आणि टीआर-808 हे ड्रम मशीन वापरून दहा रागांची डिस्को तबकडी केली, ती एचएमव्हीने काढली. त्याच 303 वर केलेला आणि ॲसिड हाउसचा आरंभ मानला जाणारा शिकागोतला 'ॲसिड ट्रॅक्स' 1987 चा. म्हणजे ॲसिड हाउस पाच वर्षे आधी मुंबईत जन्मले, असे म्हणायला काय हरकत आहे?

मध्यलय

हरकत आहे, आणि ती मी जरा ठामपणे घेतो, कारण हा दावा गेली पंधरा वर्षे फिरतो आहे. ती तबकडी मला अतिशय प्रिय आहे. 303 हे यंत्र मुळात एकट्या गिटारवादकाला बेसची साथ मिळावी म्हणून काढले होते, आणि त्या कामात ते सपशेल नापास झाले. चरणजित सिंग यांनी त्यातल्या एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरण्याच्या सोयीत मींड पाहिली, हे कान किती तयार होते याचे लक्षण आहे. परंतु ती तबकडी त्या काळी फारशी विकली गेली नाही आणि 2010 मध्ये एका डच संग्राहकाने पुन्हा काढीपर्यंत विस्मरणात होती. 'ॲसिड ट्रॅक्स' करणाऱ्या शिकागोतल्या फ्यूचर या त्रयीने ती ऐकून काही केलेले नाही. त्यांनी सेकंडहँड 303 च्या खुंट्या ट्रॅक चालू असताना पिरगळत ठेवल्या, आणि तो टेप डीजे रॉन हार्डी यांनी म्युझिक बॉक्स या क्लबात वाजवला. पहिल्यांदा लोक बाजूला झाले, म्हणून त्याच रात्री त्यांनी तो पुन्हापुन्हा लावला आणि चौथ्या खेपेला लोक नाचले, अशी हकीकत आहे. उपप्रकार व्हायला ती चौथी खेप लागते. मुंबईच्या तबकडीला ती खेप मिळाली नाही.

शेवटची लोकल

खेप मिळाली नाही म्हणून पहिलेपण जात नाही. तरी वंश आणि पहिलेपण या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, एवढे मी मान्य करतो.

अर्धमात्रा

एक शंका. 2022 मध्ये ड्रेक आणि बियॉन्से या दोघांनीही हाउसच्या अंगाचे अल्बम एका पाठोपाठ काढले, त्याच वर्षी दक्षिण आफ्रिकेचे डीजे ब्लॅक कॉफी यांना ग्रॅमी मिळाली, आणि 2024 मध्ये तिथल्याच गायिका टायलाच्या 'वॉटर'ला आफ्रिकन संगीताच्या नव्या विभागातली पहिली ग्रॅमी मिळाली. या सगळ्याचा उपप्रकारांवर काही परिणाम होतो की हा फक्त गाजावाजा?

जॅकरंडा

बक्षिसांचा फारसा होत नाही, लांबीचा होतो. टॅक्सीतला आमापियानो सहज सात-आठ मिनिटे चालत असे, आणि पहिली दोन मिनिटे नुसता शेकर आणि कीबोर्ड असे. जगभर गेलेली गाणी तीन मिनिटांच्या आत आटोपतात आणि लॉग ड्रम पहिल्या अर्ध्या मिनिटात येऊन जातो. त्याची प्रतिक्रिया म्हणून तिथेच 'प्रायव्हेट स्कूल पियानो' नावाची उलटी शाखा वाढली. केल्विन मोमो यांचे काम ऐका. लॉग ड्रम आवरता घेतलेला, पियानो पुन्हा पुढे, आणि कुठेही घाई नाही. नावात थोडी टिंगल आहे, खासगी शाळेत शिकणाऱ्या पोरांचे ते संगीत, अशी.

डर्बनकडच्या ग्कॉम या प्रकाराबद्दलही लिहायला हवे होते, पण ते माझ्या प्रकृतीला मानवले नाही. एवढेच सांगतो की त्या शब्दातला सुरुवातीचा उच्चार आपण घोड्याच्या टापांची नक्कल करताना जीभ टाळूवरून सोडून जो 'टॉक्' काढतो, त्याच्या जवळचा आहे. त्यात चार मात्रांची सरळ किक नसतेच, त्यामुळे मध्यलय यांचा मुद्दा तिथे मात्र पुरेपूर लागू होतो.

मध्यलय

धन्यवाद. माझ्या मूळ मांडणीत मी एक दुरुस्ती करतो. किक काढणे किंवा मागे सारणे ही घटना पहिली, आणि त्या रिकाम्या जागेत कोण येऊन बसते यावर उपप्रकाराचा स्वभाव ठरतो. यूके गराजमध्ये त्या जागेत बेसची गिरकी आली, आमापियानोत लॉग ड्रम आला.

सध्या मला सर्वाधिक कुतूहल आहे ते थ्री-स्टेपचे. हाही दक्षिण आफ्रिकेतलाच, थाकझिन या निर्मात्याच्या नावाशी जोडला गेलेला प्रकार. आवर्तनात चारऐवजी तीन किक. वेग आमापियानोच्या शेजारचा, पण अंग अफ्रो हाउसचे, म्हणजे दोघांच्या मधली पायरी. डीजेच्या दृष्टीने याचा व्यावहारिक उपयोग फार मोठा आहे, आणि तो आकड्यांत सांगतो. 112 च्या आमापियानोवरून 124 च्या हाउसवर थेट जाता येत नाही, कारण आठ टक्के चढवूनही 112 चे जेमतेम 121 होतात, आणि तोपर्यंत पियानो खेळण्यातला वाटू लागतो. दोघांनी 118 वर भेटायचे ठरवले, तर एकाला साडेपाच टक्के चढावे लागते आणि दुसऱ्याला पाच टक्के उतरावे लागते. मिक्स बसतो, पण दोन्ही ट्रॅक अवघडलेले ऐकू येतात. मधे दोन-तीन थ्री-स्टेप ठेवले की नाचणाऱ्याच्या पायाला वेग वाढल्याचे कळत नाही, कारण त्याचे लक्ष त्या न पडलेल्या किककडे लागलेले असते.

लग्गी

तुम्ही ज्याला न पडलेली किक म्हणता तिला आमच्याकडे नाव आहे. तीनतालात 'धा धिं धिं धा' दोनदा झाले की तिसऱ्या विभागात 'धा तिं तिं ता' येते. तिथे डग्गा गप्प होतो आणि हाताने ताल धरणारा टाळी न देता हात हवेत उलटा करतो. ती खाली. ऐकणाऱ्याला आपण आवर्तनात कुठे आहोत हे समेपेक्षाही खालीवरून लवकर कळते, कारण भरलेल्या जागा सगळ्या सारख्या वाटतात आणि रिकामी एकच असते. चारही मात्रांवर सारखी किक असलेल्या हाउसमध्ये मी नेहमी हरवतो, त्याचे कारण आज सापडले. त्यात खालीच नाही. भाचीला विचारून थ्री-स्टेप ऐकतो.

फरक एवढाच की, आमची खाली सोळा मात्रांत एकदा येते, यांची दर चार मात्रांत. दर दोन सेकंदांनी हात उलटा करावा लागेल.

मध्यलय

या शनिवारी तेच करून पाहिले. साडेनऊला 112 वर केल्विन मोमोच्या अंगाच्या ट्रॅकने सुरुवात केली, साडेदहाच्या सुमारास लॉग ड्रम आणला, अकरानंतर एकापाठोपाठ तीन थ्री-स्टेप लावले. पहिल्यात थोडी गडबड झाली. पुढच्या रांगेतल्या दोन मुली थांबल्या आणि एकमेकींच्या पायांकडे बघू लागल्या. दुसऱ्याच्या मध्यावर एकीने त्या रिकाम्या जागेत खांदा टाकायला सुरुवात केली, आणि तिसरा संपेपर्यंत तो खांदा अर्ध्या हॉलभर पसरला होता. साडेअकराला मी 122 वर होतो आणि कुणाच्या लक्षात आले नव्हते.

बारा वाजता तेच व्यवस्थापक पुन्हा शेजारी येऊन उभे राहिले. आज फार छान चालले आहे, याला काय म्हणतात, असे त्यांनी विचारले. मी "अफ्रो हाउस" असे सांगितले.

अर्धमात्रा

पाटी कामाला आली म्हणायची.